मांडवातून मोबाइलवर

पूर्व जावातल्या गावात लग्न किंवा सुंता असली की दारात मांडव पडतो. या समारंभाला हाजातान म्हणतात. ऐपत असेल तर दांगदुत या तिथल्या लोकप्रिय संगीताचा ताफा, म्हणजे ऑर्केस, बोलावतात. दांगदुत हे नाव तालवाद्याच्या ‘दांग’ आणि ‘दुत’ या बोलांवरून पडलं. हिंदी चित्रपटसंगीत त्यात इतकं मुरलंय की आपल्या कानाला ते परकं वाटत नाही. त्याचा पूर्व जावातला वेगवान अवतार म्हणजे कोप्लो, आणि कोप्लोत खरा राजा केंदांग, म्हणजे तिथला ढोल, वाजवणारा. इंडोनेशियातल्या ऑनलाइन व्हिडिओची मुळं शोधायची तर आधी या मांडवात डोकवायला हवं.

सरकारी टीव्हीआरआय १९६२ साली सुरू झालं, आरसीटीआय हे पहिलं खासगी चॅनल १९८९ साली. पण कारभार जकार्तातून आणि भाषा इंडोनेशियन. जावानीज गाण्यांना तिथे जागा तोकडी. ती भरून काढली स्थानिक शूटिंगवाल्यांच्या व्हीसीडींनी. २००३ साली दांगदुत गायिका इनुल दारातिस्ता देशभर गाजली, पण तिच्या गावच्या कार्यक्रमांच्या चोरट्या तबकड्या आधीच घरोघर पोचल्या होत्या. टीव्ही मागून आला. व्हीसीडीचं चित्र जेमतेम ३५२ बाय २८८ बिंदूंचं, आणि एका तबकडीत ७४ ते ८० मिनिटं. चोरट्या प्रतींमुळे विक्रीत फारसं हाती लागत नसे. तबकडी ही पुढच्या सुपारीची जाहिरात.

म्हणून २०१२ साली यूट्यूबची इंडोनेशियन आवृत्ती आली, तेव्हा कॅमेरे, माणसं, गाणी सगळं तयार होतं. तबकडीची जागा सुट्या गाण्याने घेतली, एवढंच. पूर्व जावातल्या सिदोआर्जोची गायिका विया वालन हिचं ‘सायांग’ हे गाणं २०१७ साली गाजलं: चाल किरोरो या जपानी जोडीची, बोल बरेचसे जावानीज. पुढच्याच वर्षी जकार्ताच्या आशियाई खेळांचं अधिकृत गीत तिने गायलं.

मांडवातलं चित्रण बिघडतं ते बहुधा आवाजात. मिक्सरमधून तयार आवाज सरळ उचलला की गायिका कानाशी आणि ड्रम गल्लीच्या टोकाला असं ऐकू येतं. मंचावर मुळातच मोठी वाजणारी वाद्यं साउंडवाला मिक्सरवर खाली ठेवतो, म्हणून. यावर उपाय म्हणजे प्रत्येक वाद्याचा आवाज वेगळा नोंदवायचा आणि प्रेक्षकांकडे तोंड करून दोन माइक लावायचे. हे माइक मंचापासून ३० मीटरवर असतील तर स्पीकरचा आवाज तिथे सुमारे ९० मिलिसेकंद उशिरा पोचतो. संकलनात या माइकांचा आवाज तेवढा आधी आणला नाही तर प्रत्येक ठोका दोनदा वाजतो. कॅमेऱ्याचं आणि रेकॉर्डरचं घड्याळ दोन तासांत एकमेकांपासून घसरतं, त्यामुळे दर गाण्याला नव्याने जुळवणी करावी. कॅमेऱ्याचं शटर १/५० सेकंदावर ठेवावं. तिथली वीज ५० हर्ट्झची, १/६० वर साध्या ट्यूबलाइटखाली पट्टे फिरताना दिसतात. आणि आवाज दाबून मोठा करण्याचा सोस नको. यूट्यूब तो उणे १४ एलयूएफएसच्या (आवाजाची पातळी मोजायचं एकक) आसपास खाली आणतंच, वर ठोक्यांची धार जाते ती जातेच.

हक्कांचा घोळ याहून मोठा. एकच गाणं दहा ताफे गातात. मूळ हक्कदाराने दावा लावला की जाहिरातीचं उत्पन्न तिकडे वळतं आणि चॅनलवाल्याकडे नुसते आकडे उरतात. परवानगी आधी, चित्रण नंतर.

राहिला सावेर. गाणं चालू असताना गायिकेवर नोटा उधळायची ही चाल. तमाशातला दौलतजादा ज्यांना ठाऊक आहे त्यांना समजावून सांगायला नको. ऑनलाइन देणगीच्या ‘सावेरिया’ या सेवेचं नाव त्यावरूनच आलंय, आणि टिकटॉकच्या लाइव्ह प्रक्षेपणात प्रेक्षक पाठवतात त्या भेटवस्तू हा तोच प्रकार. फरक वाटणीत पडतो. मंचावरचा सावेर सगळ्यांसमोर पडतो, त्यामुळे ताफ्याला वाटा मागता येतो. लाइव्हवरचा मात्र कंपनीचा हिस्सा कापून खातेदाराकडे जातो. केंदांगवाल्याचा वाटा किती, हे सुपारी घेतानाच ठरवून घ्यावं लागतं.