कांदा, लग्नसराई आणि दोन रेघा

अध्यक्षमहाराज आणि मंडळी, पत्रिकेत विषय छापलाय ‘दोन समीकरणांतून बाजारभाव’. तरी एवढी मंडळी जमली, म्हणजे इंदुरात रविवारी संध्याकाळी दुसरं काहीच चालू नसावं.

समीकरणांकडे येतो, पण आधी माझं एक जुनं दुखणं. आमच्या कॉलनीत एक सद्गृहस्थ आहेत. चोइथराम मंडीचे भाव त्यांना तोंडपाठ. कांदा महागला की मला फाटकातच गाठतात. “सर, भाव वाढला की मागणी घटते. बरोबर?” बरोबर. “मागणी घटली की भाव उतरतो. बरोबर?” मी नुसतं हं म्हणतो. “भाव उतरला की मागणी वाढते, मागणी वाढली की भाव पुन्हा चढतो! मग तुमचं अर्थशास्त्र सांगतं काय? कपाळ?” आणि दुधाची पिशवी हलवत विजयी मुद्रेनं निघून जातात. सौ. आतून ऐकत असते. तिचं मत, त्यांचं बरोबर आहे.

बरं, हे एकटेच असते तर सोडून दिलं असतं. पण टीव्हीवरचे बाजारपंडितही हेच चाक फिरवतात. घोटाळा एकाच जागी आहे. मागणी म्हणजे एक आकडा नव्हे, अख्खी यादी: वीस रुपयांना इतका घेऊ, चाळीसला इतका. फळ्यावर या यादीची रेघ होते. भाव बदलला की आपण त्या रेघेवरून वरखाली सरकतो. लग्नसराई आली की रेघच जागा सोडते. सद्गृहस्थ या दोन्ही हालचाली एकाच पिशवीत भरतात.

रेघेवरून आठवलं. कुर्नो या फ्रेंच गणितज्ञानं 1838 मध्ये मागणीची रेघ काढली, तेव्हा भाव आडव्या अक्षावर होता. इंग्रज अर्थशास्त्रज्ञ मार्शलसाहेबांनी 1890 च्या ग्रंथात तो उभ्या अक्षावर नेला, आणि सगळं जग त्यांच्यामागे गेलं. गणिताचे मास्तर अजून कुरकुरतात, कारण त्यांच्याकडे आधी ठरणारी गोष्ट आडव्या अक्षावर असते. मला विचाराल तर मार्शलचं चुकलं नाही. इतका माल खपवायचा तर भाव काय मिळेल, असा त्यांचा विचार होता. आडत्या तरी दुसरं काय करतो? ट्रॉली समोर उभी असते, बोली नंतर लागते.

चिठ्ठी आली. पाच मिनिटं. अहो, अजून फळा कोराच आहे!

तर पटापट. भाव किलोला रुपयांत, माल क्विंटलांत. आकडे माझ्या पदरचे, मंडीत जाऊन भांडू नका. मागणी = 1200 − 20 × भाव. पुरवठा = 30 × भाव − 300. म्हणजे 60 रुपये झाले की गिऱ्हाईक कांद्याविना जेवतं, आणि 10 रुपयांवर भाव गेल्याशिवाय शेतकरी ट्रॉली जोडत नाही. दोन्ही समान मांडा: 50 × भाव = 1500. भाव 30. तो दोन्ही समीकरणांत घालून बघा, मुलं एकातच घालतात. दोन्हीकडे 600 क्विंटल.

आता लग्नसराई. दर भावाला मागणी 200 नं जास्त, म्हणजे 1400 − 20 × भाव. जुन्या 30 रुपयांना मागणी 800, माल 600. तूट 200, म्हणून भाव चढतो. रुपयागणिक 20 क्विंटलचं गिऱ्हाईक मागे हटतं, 30 क्विंटल जादा माल येतो. रुपयाला 50 नं तूट मिटते, चार रुपयांत संपते. भाव 34, माल 720. सद्गृहस्थांची ‘घटलेली मागणी’ ती हीच: 800 ची 720 झाली. तूट मिटली, आता भावाला खाली ओढणारं काही उरलं नाही. चाक थांबलं.

हो हो, संपवतो. एकच गोम. शेतकरी आजच्या भावावर नाही, मागच्या हंगामाच्या भावावर लावणी करतो. मागचा भाव 30, म्हणून माल आला 600. वाढलेल्या मागणीत तो 40 नं विकला जाईल. 40 बघून पुढे 900 येईल, भाव 25. मग माल 450, भाव 47.50. पुरवठ्याचे 30 मागणीच्या 20 पेक्षा मोठे, म्हणून हेलकावा वाढतच जातो. कॅल्डॉर या अर्थशास्त्रज्ञानं 1934 मध्ये याला कोळिष्टकाचं, म्हणजे ‘कॉबवेब’ असं नाव दिलं. तोच 34 चा भाव समीकरणात आहे, पण या वाटेनं तिथे कुणी पोचत नाही. मंदसौर-नीमचच्या लसूणवाल्यांना विचारा.