पैशाकडे पैसा कसा जातो

[दृश्य: रिकामी इमारत, काचेबाहेर अंधार. एक बाई फरशी पुसतायत.]

पहाटेचे साडेपाच. चौथा मजला पुसून झालाय, या बाई आता पाचव्यावर चढतायत. महिनाअखेरीस पगार होईल. घरभाडं, वाणसामान, मुलांची फी, औषधं... पुढचा पगार व्हायच्या आत तो संपलेला असेल.

ही इमारत ज्या कंपनीची, तिचे भरपूर शेअर बाळगून असलेला माणूस या वेळी झोपेत असेल. त्याला लाभांश, म्हणजे कंपनीच्या नफ्यातला वाटा, मिळेल. सगळा खर्च भागूनही त्यातलं बरंच उरेल, आणि उरलेल्यातून आणखी शेअर घेतले जातील.

पैशाकडे पैसा जातो, असं आपण सहज म्हणतो. तो कोणत्या वाटेनं जातो, ते पाहायचं तर आधी उत्पन्न आणि संपत्ती यांतला फरक धरून ठेवावा लागेल. उत्पन्न हातात येतं, संपत्ती हातात राहते. 2021 सालचा जगाचा अंदाज बघा. वरच्या 10 टक्के लोकांकडे उत्पन्नाचा निम्म्याहून थोडा जास्त वाटा जात होता. संपत्तीचा मात्र तीन चतुर्थांश वाटा त्यांच्याकडे होता. खालच्या अर्ध्या जगाकडे सगळी मिळून संपत्ती होती सुमारे 2 टक्के.

[दृश्य: कोरा कागद. पेन्सिलीनं आकडे उमटतात.]

एक साधा हिशोब करू. संपत्ती वर्षाला 5 टक्क्यांनी वाढतेय आणि तिला कुणी हात लावत नाही. पगार 2 टक्क्यांनी वाढतोय. 14 वर्षांत संपत्ती जवळजवळ दुप्पट होते, 28 वर्षांत चौपट, 42 वर्षांत आठपटीच्या आसपास. तेवढ्याच काळात पगार सव्वादोन पटीच्या जरासा पुढे सरकतो. यात कुणी लबाडी केलेली नाही, कुणी आळशीही नव्हतं. फक्त एकाकडे सुरुवातीला बाजूला ठेवायला काहीतरी होतं.

मग पगार इतका हळू का वाढतो? यंत्रं आणि संगणक आले, ठरावीक साच्यातली कामं गेली. 2001 साली चीन जागतिक व्यापार संघटनेत आला. तिथल्या कोट्यवधी लोकांची गरिबी हटली, ही फार मोठी गोष्ट आहे; पण श्रीमंत देशांतल्या अनेक गावांचे कारखाने तिथल्या स्वस्त मालापुढे बंद पडले. कामगार संघटनाही विरळ झाल्या. 1950च्या दशकात अमेरिकेत साधारण तीन कामगारांमागे एक संघटनेत होता, आज दहामागे एक आहे. एकट्यानं पगारवाढ मागणं किती अवघड असतं, हे ज्यानं मागून पाहिलंय त्याला सांगायला नको.

1955 साली अर्थतज्ज्ञ सायमन कुझनेट्स यांनी मांडलं, की उद्योग वाढताना विषमता आधी वाढते आणि पुढे आपोआप ओसरते. आपल्या मांडणीत 5 टक्के माहिती आणि 95 टक्के तर्क आहे, असं त्यांनी स्वतःच प्रामाणिकपणे लिहून ठेवलं होतं. लोकांनी ‘आपोआप’ तेवढं लक्षात ठेवलं.

संगणक आणि व्यापार तर सगळ्याच श्रीमंत देशांत पोहोचले. तरी 1980 साली अमेरिका आणि पश्चिम युरोप, दोन्हीकडे वरच्या 1 टक्का लोकांचा उत्पन्नातला वाटा 10 टक्क्यांच्या आसपास होता. 2016 पर्यंत युरोपात तो 12 झाला आणि अमेरिकेत 20. यंत्रं सारखीच होती. नियम वेगळे होते.

[दृश्य: जुनी कायद्याची पानं उलटतायत.]

अमेरिकेत 1950च्या दशकात बहुतेक वर्षं उत्पन्नाच्या सगळ्यात वरच्या टप्प्यावर 91 टक्के आयकर होता. 1988 साली तो 28 टक्के झाला. ब्रिटनमध्ये 1979 ते 1988 या नऊ वर्षांत कमाईवरचा सर्वोच्च दर 83 वरून 40 वर आला. माणसांनी सभागृहात बसून, हात वर करून घेतलेले हे निर्णय आहेत.

मला सगळ्यात जास्त बोचतो तो मात्र याहून शांत नियम आहे. शेअरची किंमत दहापट झाली, तरी तो विकेपर्यंत त्या वाढीवर सहसा कर लागत नाही. म्हणून विकायचाच नाही. पैसे लागले तर तो तारण ठेवून कर्ज काढायचं, आणि कर्ज हे काही उत्पन्न नव्हे. अमेरिकेत मालक वारला, की वारसासाठी शेअरची खरेदीची किंमत म्हणून मृत्यूच्या दिवसाचा भाव धरतात. आयुष्यभर साठलेल्या नफ्यावरचा आयकर तिथेच पुसला जातो. वारसा कर वेगळा असतो, पण त्याची सूट इतकी मोठी आहे, की फारच थोड्या घरांना तो भरावा लागतो.

[दृश्य: उजाडलंय. बाई बादली ठेवून दाराबाहेर पडतात, आत येणारी गर्दी त्यांच्या बाजूनं निघून जाते.]

पगारावरचा कर त्याच अमेरिकेत पगार हातात पडायच्या आधीच कापला जातो. दर वेळी, न चुकता.