मार्ता मेसारोश : मूल कोणाचं?

हंगेरीच्या मार्ता मेसारोशचं नाव निघालं की एक गोष्ट हमखास सांगितली जाते. १९७५ साली बर्लिन चित्रपट महोत्सवात ‘गोल्डन बेअर’ हा सर्वोच्च पुरस्कार पटकावणारी ही पहिली स्त्री दिग्दर्शक. खरंच आहे ते. पण मला बोलायचंय ते तिचा पिच्छा न सोडणाऱ्या एका प्रश्नाबद्दल. मूल कोणाचं? जन्म देणाऱ्याचं, वाढवणाऱ्याचं, की सरकारचं?

हा प्रश्न तिच्या वाट्याला लहानपणीच आला. १९३१ साली बुडापेस्टमध्ये जन्म. वडील लास्लो मेसारोश नावाजलेले शिल्पकार, डाव्या विचारांचे. मोठ्या श्रद्धेने हे कुटुंब सोव्हिएत संघात गेलं, किर्गिझस्तानात राहिलं. १९३८ मध्ये स्टालिनच्या पोलिसांनी वडिलांना उचललं. ते परत आलेच नाहीत. पुढे आईही वारली. पोर परक्यांच्या हाताखाली वाढली आणि महायुद्धानंतर हंगेरीत परतली. आणि सिनेमा शिकायला गेली कुठे, तर पुन्हा मॉस्कोलाच!

त्यानंतर बरीच वर्षं तिने माहितीपट केले. ती सवय पुढे कधी सुटली नाही. १९६८ मध्ये तिचा पहिला कथापट आला. अनाथाश्रमात वाढलेली एक गिरणी कामगार मुलगी जन्मदात्या आईला शोधत खेड्यात जाते. आई तिला घरात घेते, पण घरच्यांना सांगते, ही माझी भाची. आरडाओरडा नाही, रडारड नाही. जेवणाच्या टेबलाशी सगळे बसलेत आणि ते खोटं मुकाट चाललंय.

‘गोल्डन बेअर’ मिळवणाऱ्या ‘ॲडॉप्शन’मधली काता त्रेचाळीस वर्षांची, विधवा, कारखान्यात कामाला. तिला मूल हवंय, पण तिचा प्रियकर विवाहित, तो तयार नाही. सुरुवातीलाच ती डॉक्टरकडे जाऊन तपासून घेते, या वयात मला मूल होईल ना? कॅमेरा तिचं थकलेलं शरीर न लाजता आणि न सजवता बघतो. शेवटी ती दत्तक बाळ घेऊन बाहेर पडते आणि बस गाठायला धावते. दुसऱ्या कोणी इथे व्हायोलिनं वाजवली असती. पुढच्याच वर्षीच्या ‘नाइन मंथ्स’मध्ये तर अभिनेत्री लिली मोनोरीचं खरंखुरं बाळंतपण पडद्यावर आलं. काहींना तो अतिरेक वाटतो. मला नाही वाटत, कारण तोवर सिनेमाने ती बाई आपल्याला पुरती ओळखीची करून दिलेली असते.

स्वतःची कहाणी सांगायला मात्र तिला पन्नाशी गाठावी लागली. ‘डायरी फॉर माय चिल्ड्रन’ सेन्सॉरच्या कचाट्यात रखडला आणि १९८४ मध्ये कान महोत्सवात परीक्षकांचा विशेष ग्रां प्री घेऊन आला. यातली युली रशियातून परतलेली अनाथ मुलगी. तिला सांभाळणारी माग्दा कम्युनिस्ट पक्षाची बडी अधिकारी. युली शाळा बुडवते आणि माग्दाचा पास लांबवून थिएटरात जाऊन बसते.

माग्दाला खलनायिका ठरवणं सोपं होतं. मेसारोश ते करत नाही. माग्दाचा जीव आहे या मुलीवर, पण तिला मुलगीही पक्षाच्या शिस्तीत बसणारी हवी. उलट युलीला आसरा वाटतो तो यानोश या इंजिनिअरचा. तिचा बाप आणि यानोश, दोन्ही भूमिका यान नोवित्स्की या पोलिश नटाने केल्यात. त्यामुळे पोलीस यानोशला न्यायला येतात, तेव्हा युलीच्या डोळ्यांदेखत तिचा बाप दुसऱ्यांदा नेला जातो.