हॅम्लेट टीव्हीवर आला तो दिवस

नमस्कार श्रोतेहो. आज एका रोमानियन नटाविषयी बोलायचंय. इयोन कारामित्रू. नाव पुन्हा सांगतो, इयोन कारामित्रू. जन्म १९४२चा, बुखारेस्टचा. सिनेमे पुष्कळ केले. १९९६च्या 'मिशन इम्पॉसिबल'मध्ये छोट्या भूमिकेत तुम्ही त्यांना पाहिलंही असेल. पण माणूस खरा रंगभूमीचा.

रोमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू, त्याच्या राजवटीतली शेवटची वर्षं डोळ्यांपुढे आणा. वीज मोजून मापून, हिवाळ्यात घरं गारठलेली, टीव्ही एरवी दिवसाला जेमतेम दोन तास. अशात १९८५मध्ये बुखारेस्टच्या बुलांद्रा थिएटरात दिग्दर्शक तोचिलेस्कू यांनी 'हॅम्लेट' बसवलं आणि हॅम्लेट झाले कारामित्रू. खुनी राजा, गप्प बसलेला दरबार, पडद्याआडून कान देणारा मंत्री. नाटक डेन्मार्कचं, पण प्रेक्षकांना आपलाच देश दिसत होता.

   

तर २२ डिसेंबर १९८९. आदल्या रात्री बुखारेस्टच्या रस्त्यांवर चाउशेस्कूविरुद्ध उतरलेली माणसं गोळ्यांना बळी पडलेली. दुपारी बाराच्या सुमारास चाउशेस्कू पक्षाच्या मुख्यालयाच्या गच्चीवरून हेलिकॉप्टरने पळाला. लोक टीव्ही केंद्राकडे लोटले. त्यांत आपले कारामित्रू होते, आणि कवी मिर्चा दिनेस्कू. हे दिनेस्कू त्या दिवसापर्यंत नजरकैदेत होते, लक्षात घ्या, नजरकैदेत! चौथ्या स्टुडिओत माणसांची दाटी. दिनेस्कूंच्या अंगात साधा स्वेटर. प्रक्षेपणाची तयारी चाललेली, आणि कारामित्रू शेजारच्या कवीला म्हणाले, "मिर्चा, काम करतोयस असं दाखव!"

लोक याला हसतात. मला मात्र त्यात नटाचं शहाणपण दिसतं. कॅमेऱ्यापलीकडे अख्खा देश, घाबरलेला, काय झालंय ते न कळलेला. त्याला गोंधळलेले चेहरे दाखवून चालणार नव्हतं. पडदा उघडायच्या आधी सोबतच्याला सावरून घ्यायचं, ही विंगेतली जुनी सवय. आणि एक वाजायच्या आत पडदा उघडलाच म्हणा ना. हुकूमशहा पळाला, हे रोमानियातल्या घराघराने त्या दोघांकडून ऐकलं. एक नट आणि एक कवी.

पुढचं थोडक्यात. १९९०मध्ये तेच 'हॅम्लेट' लंडनच्या नॅशनल थिएटरात झालं. १९९६ ते २००० कारामित्रू संस्कृतिमंत्री होते. २००५पासून बुखारेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहाचे प्रमुख, ते २०२१च्या सप्टेंबरात निधन होईपर्यंत.

आणि ते वाक्य? रोमानियात आजही कुणी कामाचा नुसता देखावा करू लागला, की लोक म्हणतात, "मिर्चा, काम करतोयस असं दाखव!"