प्रत्येक सिनेमाची चाल वेगळी: रेणू सलुजा

बेळगावात शिवजयंतीची चित्ररथ मिरवणूक संपली की रात्रभराचं फुटेज शहापूर, वडगावच्या छोट्या स्टुडिओंत येऊन पडतं. लग्नसराईही तेव्हाच. मुलगा खानापूरचा मराठी, मुलगी गोकाकची कन्नड. मिक्सिंगला, म्हणजे फुटेज कापून जोडायला, बसलेली आपली पोरं दोन्ही कामं एकाच हातानं करतात, आणि फार मेहनतीनं करतात. पण ढोल-ताशाच्या ठोक्यावर कट मारायची सवय लग्नातही सुटत नाही. मुलीचे वडील कन्नडमधून दोन शब्द बोलताना मध्येच थांबतात, आवंढा गिळतात, आणि नेमका तेवढाच तुकडा उडवला जातो.

म्हणून या पोरांना हिंदी सिनेमाच्या संकलक (एडिटर) रेणू सलुजा माहीत असायला हव्यात.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्या संकलन शिकल्या. 1983 साली त्यांनी संकलित केलेले दोन सिनेमे आले. 'जाने भी दो यारो'मध्ये महाभारताचं नाटक रंगात आलंय, द्रौपदीच्या जागी प्रेत उभं आहे, जो तो ते पळवायला बघतोय आणि आंधळा धृतराष्ट्र विचारतोय, काय चाललंय? तिथे कट जरा रेंगाळला असता तर हशा गेलाच म्हणून समजा. 'अर्ध सत्य'ची गोष्टच निराळी. पटकथा तेंडुलकरांची. इन्स्पेक्टर वेलणकर झालेल्या ओम पुरींचा राग चेहऱ्यावर साचत जातो, आणि तो साचेपर्यंत थांबायचं धैर्य संकलकाला लागतं. दोन्हीकडे हात एकच, हे सांगूनही खरं वाटत नाही.

तेही फिल्मच्या जमान्यात. सेकंदाला 24 फ्रेम. पट्टी हातानं कापायची, टेपनं जोडायची. चुकलं तर जोड उकलून पुन्हा बसायचं.

'परिंदा', 'धारावी', 'सरदार', 'गॉडमदर' या चार सिनेमांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. गुन्हेगारी, झोपडपट्टी, इतिहास, राजकारण. या चौघांत सारखी अशी एकही चाल सापडत नाही, आणि मला त्यांचं मोठेपण तिथेच दिसतं.

ऑगस्ट 2000 मध्ये कॅन्सरनं त्या गेल्या, अवघ्या 48 वर्षांच्या असताना. त्याच वर्षी आलेला 'हे राम' त्यांनीच संकलित केलेला. तो एकाच वेळी तमिळ आणि हिंदीत तयार झाला होता. दोन भाषांत काम करणाऱ्या आपल्या पोरांनी तिथून पाहायला सुरुवात केली तरी चालेल.