लिस्बनमधला एक दिवस आणि गोव्याहून आलेला गेंडा

नमस्कार, श्रोतेहो.

युरोपच्या सहलीत लिस्बनच्या वाट्याला बहुधा एकच दिवस येतो. एका दिवसात हे शहर सगळे पाहून होणार नाही, परंतु ते नीट कळू मात्र शकते. त्यासाठी काय पाहायचे आणि काय सोडायचे, हे घरूनच ठरवून निघावे लागते. माझे म्हणणे असे, की गोव्याहून सुटलेली जहाजे ज्या वाटेने लिस्बनमध्ये शिरत, त्याच वाटेने आपणही शिरावे. म्हणजे सकाळ तेजो नदीच्या मुखाकडच्या बेलेम भागात काढावी, दुपारी राजवाड्याच्या चौकात यावे आणि संध्याकाळ आल्फामा या टेकडीवरच्या जुन्या वस्तीच्या चढणीवर घालवावी. काही सहलींत त्याच दिवशी सिंत्राचे डोंगरावरचे महालही बसवलेले असतात. तसे करू नये, कारण मग दोन्ही ठिकाणे बसच्या खिडकीतूनच पाहिली जातात.

सर्वांत आधी वार पाहावा. बेलेमचा जेरोनिमोस मठ आणि नदीकाठचा बुरूज सोमवारी बंद असतात. पुन्हा सांगतो, सोमवार टाळावा. या जुन्या वास्तूंची दुरुस्तीही अधूनमधून निघते, तेव्हा त्या उघड्या आहेत ना, याची खात्री करूनच मठाचे तिकीट आधी काढून ठेवावे. काइश दु सोद्रे स्थानकावरून सर्व थांबे घेणारी लोकल धरली, की थोड्याच वेळात आपण बेलेमला उतरतो. ट्रामही तिथे जाते, परंतु तिला गर्दी फार असते.

मठाचे बांधकाम सोळाव्या शतकाच्या आरंभी पोर्तुगालच्या मानुएल राजाने सुरू केले आणि त्याचा पैसा आफ्रिका व पूर्वेकडच्या व्यापारावरच्या पाच टक्के करातून आला. त्यात आपल्याकडच्या मिरीचा वाटा मोठा होता. ओवऱ्यांच्या दुमजली चौकात शिरल्यावर खांबांजवळ जाऊन पाहावे. दगडात जहाजाचे पिळदार दोरखंड कोरलेले दिसतात. चर्चमध्ये वास्को द गामाची समाधी आहे. तो 1524 मध्ये कोचीनला वारला, तिथेच पुरला गेला, आणि त्याच्या अस्थी पुढे पोर्तुगालला नेण्यात आल्या.

आता मठातून चालत बेलेमच्या बुरुजाकडे यावे. ज्या गोष्टीसाठी मी आजचे भाषण लिहिले, ती या बुरुजाच्या पायथ्याशी सांगण्यासारखी आहे.

गोवा जिंकल्यावर पोर्तुगीज गव्हर्नर अफोन्सो द अल्बुकर्कला दीवमध्ये किल्ला बांधायचा होता. त्यासाठी 1514 मध्ये त्याने गुजरातचा सुलतान दुसरा मुजफ्फरशहा याच्याकडे वकील पाठवले. सुलतानाने किल्ल्याला नकार दिला, पण वकिलांना रिकाम्या हातांनी परत धाडणे दरबारी रीतीत बसणारे नव्हते. म्हणून त्याने नजराणे दिले आणि त्या नजराण्यांत एक जिवंत गेंडा होता. हे जनावर गोव्यात आले, तेव्हा त्याचे करायचे काय, असा प्रश्न अल्बुकर्कपुढे पडला. त्याने ते आपल्या राजाला पाठवायचे ठरवले.

जानेवारी 1515 मध्ये जहाज गोव्याहून निघाले. गेंड्याबरोबर ओसेम नावाचा त्याचा हिंदी राखणदार होता. मोझांबिक, सेंट हेलेना, अझोर्स असे मुक्काम करत, गवत, पेंढा आणि शिजवलेल्या भातावर हे प्रचंड जनावर सुमारे चार महिने समुद्रावर जगले आणि 20 मे 1515 रोजी लिस्बनला उतरले. रोमन साम्राज्याच्या काळानंतर युरोपने पाहिलेला हा पहिला जिवंत गेंडा होता. श्रोतेहो, ओसेमचा क्षणभर विचार करावा. राजांची आणि सुलतानांची नावे पाठ्यपुस्तकांत येतात. परक्या समुद्रावर त्या जनावराला रोज चारापाणी करणाऱ्या माणसाविषयी एक ओळही येत नाही. माझ्या मते, मुलांना इतिहास अशाच माणसांपासून शिकवायला हवा.

हत्ती आणि गेंडा हाडवैरी असतात, असे रोमन ग्रंथकार प्लिनीने लिहून ठेवले होते. राजाने ते पडताळून पाहायचे ठरवले. जून महिन्यात राजवाड्याच्या आवारात गेंड्यासमोर एक तरुण हत्ती आणला गेला. गेंडा सावकाश पुढे सरकला आणि एवढ्यावरच हत्ती पळून गेला.

या जनावराचे वर्णन आणि रेखाटन जर्मनीतल्या न्यूरेंबर्गला पोचले. तिथे आल्ब्रेख्त ड्यूरर या चित्रकाराने गेंडा कधीच न पाहता त्याचे चित्र लाकडात कोरले. त्याने अंगावर चिलखताचे पत्रे काढले आणि पाठीवर एक छोटे शिंग जास्तीचे दिले. पुढची दोनअडीचशे वर्षे युरोपने गेंडा म्हणून हेच चित्र मानले.

वर्षअखेरीस राजाने गेंड्याच्या गळ्यात हिरव्या मखमलीचा पट्टा घालून त्याला पोप दहावा लिओ याच्याकडे रवाना केले. वाटेत मार्सेजवळच्या बेटावर फ्रान्सच्या राजाने तो पाहिला. त्यानंतर इटलीच्या किनाऱ्यापाशी वादळात जहाज बुडाले. गेंड्याला पोहता येते. परंतु हा डेकवर साखळदंडांनी जखडलेला होता आणि तो बुडाला.

तो लिस्बनला आला, त्याच सुमारास बेलेमचा बुरूज बांधला जात होता. बुरुजाच्या वायव्य कोपऱ्यातल्या गोल टेहळणी मनोऱ्याच्या बुडाशी पाथरवटांनी त्याचे मुंडके कोरले आहे. खाऱ्या वाऱ्याने ते आपल्याकडच्या वीरगळांवरच्या चेहऱ्यांसारखे झिजले आहे, त्यामुळे ते सहज नजरेत भरत नाही. बुरुजाच्या पश्चिमेकडून, नदीकाठावर उभे राहून ते शोधावे. पुन्हा सांगतो, वायव्य कोपरा, गोल मनोऱ्याचे बूड. बुरुजात जाता आले नाही तरी हा गेंडा पाहिल्याशिवाय बेलेम सोडू नये.

दुपारी शहरात परतून प्रासा दु कोमेर्सिओ या नदीकाठच्या भव्य चौकात यावे. हत्ती जिथून पळाला, तो राजवाडा इथे होता. 1 नोव्हेंबर 1755 रोजी सकाळी भूकंप, मागोमाग समुद्राच्या लाटा आणि मग आग यांनी तो नाहीसा केला. मागची सरळ रेषेत आखलेली पेठ राजाचा मंत्री मार्क्विस ऑफ पोंबाल याच्या कारकिर्दीत नव्याने उभी राहिली. चौकातून पूर्वेला थोडे चालले, की हिऱ्यासारखे पैलू पाडलेल्या टोकदार दगडांची दर्शनी भिंत लागते. ती कासा दुश बिकुश. अल्बुकर्कच्या मुलाने हे घर 1523 मध्ये बांधले. लिस्बनला जाण्यापूर्वी जुन्या गोव्यात एक दिवस अवश्य काढावा, असे मला कळकळीने सांगायचे आहे. तिथली व्हाइसरॉयची कमान आणि से कॅथेड्रल पाहिलेली असेल, तर लिस्बनमधल्या दगडांची ओळख फार लवकर पटते.

तिथून आल्फामा चढायला घ्यावी. रस्ते गुळगुळीत दगडांचे आहेत, तेव्हा पायात न घसरणारे बूट असावेत. अठ्ठावीस क्रमांकाची पिवळी ट्राम वर नेते, पण तिच्यात पाकीट सांभाळावे लागते. रात्री फादो हे लिस्बनचे गाणे ऐकायचे असेल, तर आल्फामातल्या एखाद्या छोट्या खानावळीत जागा आधी राखून ठेवावी. गाणे सुरू झाले, की तिथे दिवे मंद होतात आणि कोणीही बोलत नाही. म्हणून जेवण काय हवे, ते गाण्याच्या आधी किंवा मध्यंतरात सांगून ठेवावे.

नमस्कार.