खळवाला पीट आणि त्याचे भाऊबंद

(स्क्रीनवर जुन्या अंकातलं एक पान)

हा माणूस नीट बघा. एका हातात बंदूक. बंदुकीला जोडलेली नळी. नळीचं दुसरं टोक थेट बादलीत. आणि बादलीत काय? खळ! कागद चिकटवायची असते ना, तसलीच, फक्त जरा जास्त जालीम. गडी निघालाय गुन्हे करायला आणि सोबत घेतलीय खळीची बादली.

याचं नाव पेस्ट-पॉट पीट. पाळण्यातलं नाव पीटर पेट्रुस्की. पहिलं दर्शन 'स्ट्रेंज टेल्स'च्या १०४व्या अंकात, जानेवारी १९६३. आणि हे चित्र काढलंय कुणी? जॅक कर्बीने. हो, तोच. कॅप्टन अमेरिका, हल्क, थॉर, फँटॅस्टिक फोर ज्याच्या पेन्सिलीतून उतरले, तोच कर्बी. कथेमागे स्टॅन ली आणि त्याचा भाऊ लॅरी लीबर.

आज मला हेच बोलायचंय. 'दहा सगळ्यात येडपट सुपरहिरो' छापाचे व्हिडिओ तुम्ही ढिगाने पाहिले असतील. चित्र दाखवायचं, हसायचं, पुढचा नंबर. मीही हसतो, खोटं कशाला बोलू! पण या पात्रांच्या जन्मकथेपेक्षा मला त्यांच्या जन्मदात्यांचं जास्त कुतूहल आहे. शोधत मागे गेलं की वाटतं, तिथे कुणीतरी नवशिका भेटेल. भेटतात ते या धंद्यातले बापमाणूस.

जेरी सीगलचंच घ्या. त्याने आणि जो शुस्टरने मिळून सुपरमॅन घडवला आणि १९३८ साली १३० डॉलरला त्याचे हक्क विकून टाकले. पुढे हक्कांसाठी कोर्टात गेले, हरले, आणि सुपरमॅनच्या पानांवरून दोघांची नावंही गेली. पन्नासचं दशक संपता संपता सीगल हक्क घेणाऱ्या त्याच कंपनीत परत आला. मालकी नाही, पानावर नाव नाही. पोटासाठी गोष्टी लिहायच्या. त्याच्याकडे जी कामं आली त्यात एक होतं 'लीजन ऑफ सुपर-हिरोज', म्हणजे तिसाव्या शतकातली सुपरहिरो पोरांची टोळी. टोळीत भरती सतत चालू असायची, त्यामुळे दर थोड्या दिवसांनी नवा मेंबर आणि नवी शक्ती हवी. उडणं, ताकद, नजरेतून किरण वगैरे सगळं आधीच वाटून झालेलं.

मग १९६१ साली आला बाउन्सिंग बॉय. चक टेन नावाचा गोलमटोल पोऱ्या. एका शास्त्रज्ञाने त्याच्या हाती नव्या प्लॅस्टिकच्या द्रावणाची बाटली दिली आणि सांगितलं, ही अमक्या ठिकाणी पोचव. पोऱ्या निघाला, वाटेत यंत्रमानवांची कुस्ती लागली, तिथेच रेंगाळला. सोड्याची बाटली घेतली. खेळ रंगात आला, नजर आखाड्यावर, आणि साहेबांनी सोडा समजून दुसरीच बाटली तोंडाला लावली. झालं! अंग फुगलं, आणि गडी चेंडूसारखा टप्पे खायला लागला.

आता थांबा जरा. सुपरमॅनसाठी अख्खा ग्रह फुटला होता. याच्यासाठी काय झालं? निरोप्याने कामात हयगय केली! आणि दोन्ही कल्पना एकाच डोक्यातल्या. मला तर दुसरी जास्त खरी वाटते. ग्रह फुटताना कुणी पाहिलाय? पण दिलेलं काम सोडून खेळ बघत बसणं, हे आपल्यातल्या प्रत्येकाने केलंय.

टोळीने त्याला आधी नाकारलंच होतं. मग विजेचा झटका देणाऱ्या एका चोरापुढे बाकीचे मेंबर आडवे झाले. बाउन्सिंग बॉय मात्र हवेत होता. पाय जमिनीला टेकलेलेच नाहीत, तर वीज अंगातून जमिनीत जाणार कशी? तारेवर बसलेल्या पक्ष्याला झटका का लागत नाही, त्याचंच हे भावंड. इतक्या फालतू शक्तीलाही कामाला लावायचं, ही लेखकाची करामत. आणि हा गडी शेवटी टोळीतल्याच डुओ डॅम्सेलशी लग्न करून संसारालाही लागला. १९७४ साली, टोळीच्या अंकात, साग्रसंगीत.

सीगलचंच दुसरं पोर म्हणजे मॅटर-ईटर लॅड, डिसेंबर १९६२. शक्ती काय? हा काहीही खाऊ शकतो. दगड, लोखंड, तुरुंगाचे गज, काहीही. हा बिस्मॉल ग्रहाचा. तिथल्या सूक्ष्मजंतूंनी सगळं अन्न खाण्याच्या लायकीचं ठेवलं नाही, म्हणून तिथली माणसं उत्क्रांत होत होत वाट्टेल ते पचवायला लागली. अमेरिकेत पोट बिघडलं की घ्यायचं एक प्रसिद्ध गुलाबी औषध आहे, पेप्टो-बिस्मॉल. ग्रहाचं नाव कुठून आलं, हे मी वेगळं सांगायला नको. या पठ्ठ्याने पुढे मिरॅकल मशीन नावाचं एक महाभयंकर यंत्र खाऊन सगळ्यांना वाचवलं आणि त्या नादात स्वतः भ्रमिष्ट झाला. नंतर आपल्या ग्रहावर राजकारणातही गेला. पचनशक्तीच्या जोरावर असणार.

(पान बदलतं)

सीगलचा विषय निघालाय तर शेल्डन मेयरला विसरून चालणार नाही. सुपरमॅनची पानं सगळीकडून 'साभार परत' होत होती, तेव्हा ती उचलून धरणारा तरुण संपादक तो हा. १९४० साली याच मेयरने स्वतःच्या विनोदी मालिकेत एक सुपरहिरो आणला, रेड टॉर्नेडो. आत कोण? मा हंकेल. धिप्पाड, संसारी, दुकान सांभाळणारी, पोरंबाळं असलेली बाई. अंगात लाल लाँगजॉन्स, म्हणजे थंडीत आतून घालायचे लांब कपडे, आणि मुखवटा म्हणून डोक्यावर चक्क पातेलं, डोळ्यांपुरती भोकं पाडलेलं. शक्ती वगैरे काही नाही. गल्लीतल्या गुंडांना धरून बदडायचं, बस्स.

जस्टिस सोसायटीची पहिली बैठक भरली 'ऑल स्टार कॉमिक्स'च्या तिसऱ्या अंकात. कॉमिक्समधला हा पहिला सुपरहिरो संघ. तिथे या बाई आल्या आणि लगेच निघून गेल्या. का? पँट फाटली होती! सुपरहिरोंच्या इतिहासातल्या पहिल्या बैठकीत ज्याने ही गंमत घातली, त्या माणसाला हा सगळा प्रकार किती हास्यास्पद आहे ते पुरतं ठाऊक होतं.

त्याच सुमारास कॉमिक्सचं पीक इतकं फोफावलं की मागणी पुरवताना लेखकांची दमछाक व्हायची. 'हिट कॉमिक्स'मधल्या रेड बीकडे पाळलेल्या मधमाश्या होत्या, आणि त्याची लाडकी माशी मायकल त्याच्या पट्ट्याच्या बक्कलमध्ये राहायची. तिचं नाव मायकल का, ते विचारू नका. १९४१चा व्हिझर तर अफलातून! आफ्रिकेत पोराला नाग चावतो, बाप त्याला मुंगसाचं रक्त टोचतो, आणि पोरगा वाऱ्याच्या वेगाने धावायला लागतो. मुंगूस नागाला भारी, म्हणून मुंगसाचं रक्त विषाला भारी. वैद्यकशास्त्र एका बाजूला राहू द्या, पण गोष्ट म्हणून हिशोब चोख आहे. १९७४ साली याच व्हिझरला अव्हेंजर्समधल्या स्कार्लेट विच आणि क्विकसिल्व्हर या भावंडांचा बाप ठरवण्यात आलं होतं. पुढे तेही खोटं निघालं.

आता १९५४. कॉमिक्समुळे पोरं बिघडतात अशी अमेरिकेत ओरड झाली, सिनेटच्या समितीपुढे सुनावणी झाली, आणि प्रकाशकांनी घाबरून स्वतःच स्वतःवर नियमावली लादून घेतली, कॉमिक्स कोड. रक्तपात नको, व्हॅम्पायर नको, चालती प्रेतं नकोत, गुन्हा कसा करायचा याचा तपशील नको. मग बॅटमॅनने लढायचं कुणाशी?

इथे येतो बिल फिंगर. बॅटमॅनचा अर्धा बाप म्हटलं तरी कमीच. पण त्याचं नाव अधिकृत श्रेयात आलं २०१५ साली, आणि तो वारला १९७४ साली. फिंगरकडे वह्या असायच्या, कात्रणं आणि चमत्कारिक माहितीचे तुकडे टिपून ठेवलेल्या. खलनायकाला भयानक करायची सोय उरली नाही, म्हणून याने वह्यांमधल्या क्लृप्त्या पणाला लावल्या. १९५८ला कॅलेंडर मॅन, सणवार आणि ऋतू पाहून गुन्हे करणारा. १९६२ला पोल्का-डॉट मॅन, ज्याच्या कपड्यांवरचे ठिपके सुटून हत्यारं बनतात. २०२१च्या 'द सुसाइड स्क्वॉड' सिनेमात तुम्ही पाहिलात तो हाच. आणि मध्ये, १९६०च्या ऑगस्टमध्ये, काइट मॅन. पतंगाला लटकून चोऱ्या करणारा माणूस. बास, एवढीच कल्पना.

पुढे याला नाव मिळालं चार्ल्स ब्राउन. चार्ली ब्राउन हा व्यंगचित्रातला पोरगा आठवतो? जन्मात ज्याचा एक पतंग धड उडला नाही, तो. म्हणजे नावसुद्धा थट्टेतच मिळालं. जवळजवळ साठ वर्षं हा माणूस टिंगलीचा विषय. २०१६ पासून टॉम किंग बॅटमॅन लिहायला लागला, आणि त्याच्या अंकांत हा मधूनच उडत यायचा, 'काइट मॅन! हेल येआ!' म्हणायचा आणि मार खाऊन जायचा. वाचक हसायचे.

मग २०१७ साली आला २७वा अंक. जोकर आणि रिडलर यांच्यात युद्ध पेटलंय, आणि हा चार्ल्स ब्राउन दोघांच्या कात्रीत सापडलेला किरकोळ गुन्हेगार. बायको सोडून गेलेली, एक लहान मुलगा. बापलेक पतंग उडवायचे, तेवढाच काय तो विरंगुळा. रिडलर काय करतो? पतंगाच्या दोऱ्याला विष लावतो. दोरा पोराच्या हातात. पोरगा मरतो. ते 'हेल येआ' त्या पोराचे शब्द होते. बाप मग पतंगाचा पोशाख शिवून जोकरच्या टोळीत येतो, ते शब्द उच्चारतो, आणि समोरचे हसतात. आतापर्यंत आपणही त्यांच्यासारखेच हसत होतो, हे पान उलटताना लक्षात येतं. मी तो अंक मिटवून बराच वेळ नुसता बसलो होतो. एकच खंत वाटते, हे वाचायला बिल फिंगर नव्हता.

सगळ्यांनाच अशी रडवणारी गोष्ट लागते असं मात्र नाही. नव्वदीच्या सुरुवातीला कॉमिक्समध्ये जो तो दात-ओठ खात, खांद्यावर तोफा घेऊन फिरत होता. विल मरे या लेखकाला त्याचा कंटाळा आला आणि त्याने १९९१च्या अखेरीस स्क्विरल गर्ल आणली. डोरीन ग्रीन, वय १४, मागे झुबकेदार शेपूट, खारींशी दोस्ती. पहिल्याच गोष्टीत तिने डॉक्टर डूमला हरवलं. मार्व्हलचा सगळ्यात माजोरडा खलनायक, फँटॅस्टिक फोरला पुरून उरणारा, आणि त्याच्या अंगावर तुटून पडल्या शेकडो खारी. चिलखतावर खारी, हातापायांना खारी, जिकडे बघाल तिकडे खारी. चित्रकार? स्टीव्ह डिटको. स्पायडरमॅन आणि डॉक्टर स्ट्रेंज ज्याने कागदावर उतरवले, तो. साठी ओलांडलेला हा माणूस मन लावून एकेक शेपूट काढत बसला असेल, हे चित्र मला फार आवडतं. २०१५ला तिची स्वतंत्र मालिका आली आणि तिने आयझनर हा कॉमिक्समधला मानाचा पुरस्कारही मिळवला.

(पुन्हा पहिलं पान)

आता परत आपल्या खळवाल्याकडे. नावाला सगळे हसतात हे पीटलाही कळलं. १९६५ साली त्याने नाव बदलून ट्रॅपस्टर केलं. काही उपयोग नाही, लोक जुन्या नावानेच चिडवतात.

पण त्याच्या आदल्या वर्षी, जुलै १९६४च्या 'अव्हेंजर्स'च्या सहाव्या अंकात काय झालं ते ऐका. बॅरन झेमो हा कॅप्टन अमेरिकाचा जुना वैरी. महायुद्धात त्याने ॲडहेसिव्ह एक्स नावाचा डिंक तयार केला होता, कधीच न सुटणारा. कॅप्टनने ढाल फेकली, पिंप फुटलं, डिंक झेमोच्या डोक्यावर सांडला आणि त्याने घातलेला बुरखा तोंडाला कायमचा चिकटला. जगातल्या सगळ्यात भयंकर डिंकाचा निर्माता स्वतःच त्यात अडकून बसला! तोच डिंक तो आता शहरावर आणि अव्हेंजर्सवर सोडतो. थॉरचा हातोडा चालेना, आयर्न मॅनचं चिलखत चालेना. जे चिकटलं ते चिकटलं.

मग कुणाला तरी सुचतं, डिंकातला जाणकार माणूस कोण? तो तर तुरुंगात बसलाय. निरोप जातो. पीट शांतपणे सोडवण्याचा फॉर्म्युला सांगतो. आणि देवाचा हातोडा जिथे हरला, तिथून सगळे सुटतात ते खळवाल्याच्या फॉर्म्युल्याने.